सी ड्राइव्हचा सातबारा

पस्तीस वर्षं मी लोकांच्या जमिनी या नावावरून त्या नावावर केल्या. तलाठी म्हणून लागलो, मंडळ अधिकारी म्हणून निवृत्त झालो. वाटणीपत्रं, बक्षीसपत्रं, वारसनोंदी, बांधावरच्या मारामाऱ्या, सगळं पाहिलं. अशा माणसाला एकाच डब्यातल्या एका कप्प्यातून दुसऱ्या कप्प्यात पाच खेळ हलवायला अकरा दिवस लागले, हे बाहेर कळू नये असं हिचं मत आहे. म्हणून हा लेख मी हिला दाखवलेला नाही.

सुरुवात सोसायटीच्या हिशोबापासून झाली. खजिनदार मी. टँकरची बिलं स्कॅन करून ठेवत होतो, तर कॉम्प्युटर म्हणाला, जागा नाही. उघडून पाहिलं तर सी ड्राइव्हची पट्टी लालभडक. ४६५ जीबीपैकी दोन शिल्लक. माझी आयुष्यभराची कागदपत्रं चार जीबीसुद्धा भरत नव्हती. मग उरलेल्या जमिनीवर वहिवाट कोणाची?

चिरंजीवांची. ते ऑगस्टमध्ये इंजिनिअरिंगसाठी कराडला गेले. जाताना गादी नेली, बादली नेली, आईचे लाडू डब्यासकट नेले, खेळ तेवढे इथे ठेवले. हॉस्टेलवरच्या लॅपटॉपला ते झेपत नाहीत म्हणे. त्यातला एकटा 'रेड डेड रिडेम्प्शन २' हाच दीडशे जीबीच्या घरातला. १८९९ सालचा अमेरिकेतला एक दरोडेखोर, त्याचा घोडा आणि दोघांना हिंडायला डोंगर, नद्या, जंगलं. आमच्या ऑफिसातून महिन्याचा अहवाल १.४४ एमबीच्या फ्लॉपीतून जिल्ह्याला जायचा. त्या हिशोबाने हा दरोडेखोर न्यायला लाखभर फ्लॉप्या लागल्या असत्या. शिवाय एसटीचं तिकीट.

फोन केला. "डिलीट करून टाकू का रे?"

"बाबा! वेडा आहेस का? मूव्ह कर. दुसऱ्या ड्राइव्हवर टाक. सोपं आहे."

सोपं आहे! ऑफिसात कोणी "भाऊसाहेब, किरकोळ काम आहे" म्हणत आला, की त्याच्या पिशवीत तीन पिढ्यांचा वाद असायचा. तेव्हाच सावध व्हायला हवं होतं.

मी खेळाचं फोल्डर शोधून काढलं, माउसने धरलं आणि डेस्कटॉपवर आणून टाकलं. एका सेकंदात काम झालं. दीडशे जीबी! डोंगर, नद्या, घोडा, सगळं डोळ्याचं पातं लवायच्या आत. मी हिला हाक मारून दाखवलं. मग सी ड्राइव्हकडे पाहिलं. पट्टी होती तशीच लाल.

रात्री चिरंजीवांनी खुलासा केला. डेस्कटॉपसुद्धा सी ड्राइव्हमध्येच असतो. एकाच ड्राइव्हमध्ये फोल्डर हलवलं की आतला माल जागचा हलत नाही, फक्त नोंदवहीतला पत्ता बदलतो. ऐकून माझी मान खाली गेली. म्हणजे मी नुसता फेरफार केला होता. जमीन तिथेच, विहीर तिथेच, आंब्याचं झाडही तिथेच. पस्तीस वर्षं हेच केलं आणि निवृत्तीनंतर आधी तेच केलं.

दुसऱ्या दिवशी फोल्डर डेस्कटॉपवरून ओढून डी ड्राइव्हवर टाकलं. डी म्हणजे जुनी फिरती हार्ड डिस्क. त्यात लग्नाच्या सीड्यांपासून मुंजीच्या फोटोंपर्यंत सगळं. आता मात्र खरी बिऱ्हाडं हलायला लागली. स्क्रीनवर एक खिडकी उघडली आणि तिने वेळ सांगितली, चार तास. मी चहा टाकायला उठलो. परत आलो तर अकरा मिनिटं. बसलो. मग एक दिवस तीन तास. ही भाषा माझ्या ओळखीची होती. "साहेब येतीलच एवढ्यात" हे वाक्य मीही शेकडो लोकांना ऐकवलंय, तेही साहेब कुठे आहेत याचा काही पत्ता नसताना. खिडकीचा यात दोष नाही म्हणा. मोठी फाइल असली की सरळ जाते, चिल्लर फाइली हजारोंनी आल्या की काम रखडतं. बिऱ्हाड हलवताना लोखंडी कपाट एका खेपेत जातं आणि मिसळणाचा डबा, रांगोळीच्या पुड्या, कुठल्या तरी कुलपाच्या किल्ल्या यांत सगळा दिवस जातो, तसं.

दीड तासाने काम संपलं. पट्टी पाहिली. लाल.

कारण असं, की एकाच ड्राइव्हमध्ये ओढलं तर ती चीज हलते, पण एका ड्राइव्हवरून दुसऱ्यावर ओढलं तर तिची नक्कल होते. मूळ तिथेच राहतं. हा नियम कोणी केला, त्याला मला एकदा भेटायचंय. माझ्याकडे आता एकाच दरोडेखोराचे दोन सातबारे होते, आणि यातून पुढे काय होतं हे मला चांगलं ठाऊक होतं. मूळ फोल्डर मी उडवलं. पट्टी निळी झाली. त्या रात्री झोप छान लागली.

सकाळी खेळ चालू करून पाहिला. फाइल सापडत नाही, असा निरोप आला.

"बाबा, हाताने हलवलंस? अरे, स्टीमला कसं कळणार?"

मग उलगडा झाला. हे खेळ स्टीम नावाच्या एका दुकानातून घेतलेले असतात आणि ते दुकान कॉम्प्युटरमध्येच ठाण मांडून बसलेलं असतं. प्रत्येक खेळाची एक छोटीशी फाइल ते स्वतःजवळ ठेवतं. खेळ कोणता, किती जीबीचा, कोणत्या फोल्डरात. उघडून पाहिलं तर साधा मजकूर, वाचताही येतो. म्हणजे सातबाराच. शिवाय एक वेगळी फाइल, कुठल्या ड्राइव्हवर कोणकोणते खेळ आहेत याची. म्हणजे आठ-अ. मी ताबा दिला होता, पण नोंद केली नव्हती. दरोडेखोर डी ड्राइव्हवर राहायला गेला, रेशनकार्ड सी ड्राइव्हच्या पत्त्यावर. जन्मभर हेच लोकांना सांगत आलो, की अहो, नुसता ताबा काय कामाचा, आधी नोंद बघा. लोक माझ्याकडे बघत राहायचे. आता मीही स्क्रीनकडे तसाच बघत राहिलो.

फोल्डर उलटं ओढून मूळ जागी ठेवलं. तेवढ्यात चिरंजीवांनी नवं सांगितलं. डी ड्राइव्ह नकोच, ती फिरती आहे, तिच्यावरून खेळ उघडेपर्यंत माझी दुपारची झोप होईल. नवीन एसएसडी घे, म्हणजे न फिरणारी, वेगवान डिस्क. एक टीबीची.

तपकीर गल्लीत गेलो. पुण्यात वायरीचं, डब्याचं काहीही हवं असलं की बुधवार पेठेतल्या या बोळात शिरायचं आणि मोटारसायकलींना अंग चोरत दुकान शोधायचं. काउंटरवरचा मुलगा म्हणाला, "काका, कशासाठी? गेमिंग?" मी हो म्हणालो. त्याने माझ्याकडे डोक्यापासून सँडलपर्यंत पाहिलं. "कुठला गेम खेळता?" मी म्हणालो, "दरोडेखोरीचा." मग त्याने घासाघीस न करता दोनशे रुपये कमी केले.

च्युइंगगमच्या पाकिटाएवढी पट्टी. कॉम्प्युटर उघडून तिला आतल्या बोर्डावरच्या खाचेत तिरकी घालायची, दाबून आडवी करायची आणि टोकाला एक स्क्रू लावायचा. हा स्क्रू पट्टीबरोबर येत नाही, बोर्डाच्या खोक्यात येतो. खोकं हिने दोन वर्षांपूर्वी रद्दीत घातलं होतं. स्क्रू नसला की पट्टी पुन्हा तिरकी उभी राहते, हजेरीला हात वर केलेल्या पोरासारखी. कोपऱ्यावरच्या मोबाइल दुरुस्तीवाल्याने आपल्या डबीतून तसला एक शोधून दिला, दहा रुपयांत. तो बसेपर्यंत माझ्याकडून दोनदा फरशीवर पडला ते वेगळं.

पट्टी बसली, पण कॉम्प्युटरमध्ये दिसेना. नवी डिस्क आधी कोऱ्या जमिनीसारखी असते. डिस्क मॅनेजमेंटमध्ये जाऊन तिला मान्य करायचं, पद्धत निवडायची, प्लॉट पाडायचा, फॉरमॅट करायचा, अक्षर द्यायचं. म्हणजे आधी बिनशेती करून घ्या, मग बांधकाम. हे मात्र मी एका झटक्यात केलं. आमच्याकडे याला किती दिवस लागायचे हे इथे लिहीत नाही.

एफ ड्राइव्ह उगवला. क्षेत्र, ९३१ जीबी. मी पावती काढली. पावतीवर एक टीबी. बनवणारे हजाराच्या पटीत मोजतात आणि कॉम्प्युटर १०२४ च्या पटीत मोजतो, म्हणून हा फरक. खरेदीखतात एक एकर आणि मोजणीत ३७ गुंठे! माझ्या हद्दीत असं झालं असतं तर दोन घरांत कुऱ्हाडी निघाल्या असत्या. इथे सगळं जग गुपचूप घेतं आणि घरी जातं.

आता स्टीमच्या सेटिंगमध्ये स्टोरेज, तिथे खेळावर टिचकी, मग मूव्ह. बस्स. ताबाही तेच देतं, नोंदही तेच करतं. स्क्रीनवरची कामाची पट्टी आधी सुसाट पळाली, मग मध्येच मंदावली. स्वस्तातल्या एसएसडीत थोडी जागा वेगवान असते, ती भरली की वेग पडतो. नवा शिपाई पहिला आठवडा कसा जिने चढून फाइली आणतो आणि मग त्याला लिफ्ट दिसते. पण तासाभरात चार खेळ पोचले. मी कौतुकाने हिला बोलावलं. ही म्हणाली, "परवाही हेच दाखवलंत."

पाचवा खेळ दुसऱ्या दुकानाचा. नाव घेत नाही. तिथे असं बटणच मला कुठे सापडेना. चिरंजीवांनी जी युक्ती सांगितली ती ऐकून मला आमच्या तालुक्यातले जुने एजंट आठवले. जुनं फोल्डर दुसऱ्या नावाने लपवायचं. मग खेळ नसल्याचं दाखवून नव्या जागेवर इन्स्टॉल सुरू करायचं. दोन-तीन टक्के झाले की थांबवायचं. म्हणजे विसार दिला. आता जुना माल गुपचूप त्या जागी नेऊन ठेवायचा आणि काम पुढे चालू करायचं. दुकान येऊन तपासणी करतं, अरेच्चा, सगळं जागेवरच आहे की, म्हणतं आणि शिक्का मारतं. माझ्या सहीने असं कधी होऊ दिलं नसतं.

नक्कल ८३ टक्क्यांवर आली आणि वीज गेली. गुरुवार होता. पुण्यात राहणाऱ्याला गुरुवार म्हणजे काय हे समजावून सांगावं लागत नाही, देखभाल-दुरुस्तीच्या नावाने वीज आणि पाणी यांतलं एक जातंच. इन्व्हर्टरवर आमच्याकडे पंखा आणि देवघरातला दिवा आहे. दरोडेखोर नाही. चार वाजता वीज आली, नक्कल पुन्हा लावली. असलेल्या फाइलींचं काय करू, असं विचारलं तेव्हा मी म्हणालो, राहू दे. त्यातली एक अर्धवट होती. तपासणीत ती पकडली गेली आणि तीन जीबी पुन्हा उतरवावे लागले. मंडळ अधिकारी असावा तर असा.

अकराव्या दिवशी मी सगळं उरकून सी ड्राइव्ह झाडायला घेतला. उत्साह म्हणतात तो हा. 'डॉक्युमेंट्स'मध्ये टँकरच्या बिलांशेजारी खेळाच्या कंपनीच्या नावाचं एक फोल्डर होतं. चाळीस एमबीसुद्धा नव्हतं. खेळ गेले तिकडे, मग ही झोपडी इथे कशाला? पाडली.

रात्री फोन. "बाबा, सगळं झालं ना? सेव्ह आहेत ना? डॉक्युमेंट्समध्ये असतात."

मी काही बोललो नाही. खेळणारा कुठपर्यंत पोचला, काय काय जमवलं, ते खेळाच्या फोल्डरात नसतंच. ते या एवढ्याशा झोपडीत असतं. दीडशे जीबी परत उतरवता येतात, हे चाळीस एमबी नाही. त्याची अकरावी-बारावीची दोन वर्षं त्या फोल्डरात होती. मार्कशीटमध्ये का नव्हती, तेही तेव्हाच कळलं.

रिसायकल बिनमध्ये सापडलं. परत जागेवर ठेवलं आणि खात्रीसाठी खेळ उघडला. पहाट, धुकं, डोंगरकडेला तंबू, बाजूला तपकिरी घोडा. चिरंजीव फोनवर हळवे झाले. "ई दाबलंस की घोड्यावर बसतो. घोड्याचं नाव मोती ठेवलंय." मोती आमचा कुत्रा होता. चिरंजीव दहावीत असताना तो गेला. मीही जरा गप्प झालो. "शिफ्ट दाबत राहिलं की पळतो. पण बाबा, आता काही करू नकोस, बंद कर. मेस बंद होईल, जातो मी."

बंद करणारच होतो. पण पस्तीस वर्षं सायकल आणि स्कूटरवर शिवारं तुडवलेल्या माणसासमोर एवढी मोकळी जमीन, मोजणीचा दगड नाही, कुंपण नाही, हरकत घ्यायला कोणी नाही. ई दाबलं. शिफ्ट दाबलं. वारा लागल्यासारखं वाटलं. कडा आला तेव्हा थांबायचं बटण कोणतं हे मी विचारलेलं नव्हतं.

दरोडेखोर धडपडत उठला. मोती उठला नाही. जरा वेळाने कोपऱ्यात एक गोल फिरताना दिसलं. आपोआप सेव्ह झालं होतं.

दिवाळीला चिरंजीव येतायत. टँकरची बिलं बाजूला ठेवून रोज दुपारी दोन तास मी तिथल्या तबेल्यांतून फिरतो आहे. कपाळावरचा ठिपका सोडला तर बराचसा तसाच एक घोडा सापडलाय. पैसे जमले की घेणार. नाव मोतीच लावायचं. वारसनोंद कशी करायची हे मला कोणी शिकवायला नको.