खरी की खोटी?

वाचनालयात एका वेळी तीनच पुस्तकं मिळतात आणि माझ्या हातात चार होती. कुठलं ठेवून द्यावं या विचारात काउंटरपाशी अर्धा मिनिट रेंगाळले, एवढीच माझी चूक.

"ताई, यातली खरी कुठली?" मागून आवाज आला.

"खरी म्हणजे?"

"खरी म्हणजे घडलेली. खोटी म्हणजे कथा-कादंबऱ्या." असं म्हणून त्या काकांनी पाहुण्याच्या हातातली पिशवी घ्यावी इतक्या अगत्याने माझा गठ्ठा काढून घेतला.

सगळ्यात वर एका माजी मंत्र्यांचं आत्मचरित्र होतं. "खरी," म्हणत त्यांनी ते उजवीकडे ठेवलं. मी तोंड उघडलं आणि मिटलं. मी ते मुळात विनोदी म्हणून घेतलं होतं.

दुसरी पुरावरची कादंबरी. काकांनी मधलंच पान उघडून उभ्या उभ्या दीड पान वाचलं. मागे रांग वाढत होती. "म्हातारी पाण्यात उभी राहून घड्याळाला किल्ली देते बघा," ते म्हणाले. "आमच्या घरात पाणी शिरलं तेव्हा आईने गाद्या सोडल्या आणि कॅलेंडर उचलून वरच्या खुंटीला लावलं. हे खरं आहे." कादंबरी उजवीकडे गेली.

तिसरं भुतांच्या हकिकतींचं. "खोटी."

इथे मला राहवलं नाही. "काका, त्याच्या पाठीवरचा आकडा बघा. १३३.१. ड्युई नावाच्या अमेरिकन माणसाने १८७६ साली जगातल्या सगळ्या पुस्तकांना आकडे वाटले. शंभराच्या घरात तत्त्वज्ञान आणि मानसशास्त्र. भुतं त्याच घरात."

"आणि परीकथा?"

"३९८. सामाजिक शास्त्रांत. कायदा, अर्थशास्त्र यांच्या सोबत."

"अर्थशास्त्रासोबत?" काका पहिल्यांदाच हसले. "मग बरोबर आहे." आणि भुतं उजवीकडे सरकली.

आता एक सांगते. ही चार पुस्तकं जमवायला मला तासभर लागला होता. कपाटांतून नाही हं. कपाटात एका जातीची पुस्तकं एका रांगेत बसलेली असतात, लग्नात वरपक्ष बसतो तशी. मी जाते ती थेट परत आलेल्या पुस्तकांच्या ढकलगाडीकडे. तिचं एक चाक फिरत नाही, पण तिथे अजून कुणी काही लावलेलं नसतं. लढाईला चिकटून कविता, कवितेवर विणकाम, विणकामाखाली खून. आणि प्रत्येक पुस्तक कुणीतरी नुकतंच घरी नेऊन आणलेलं. मोबाइलवरच्या ॲपला हे जमत नाही. मी एकदा एक खून वाचला, तर तेव्हापासून ते मला नुसते खूनच दाखवतंय. 'हे वाचणाऱ्यांनी हेही वाचलं' म्हणे. त्या वाचणाऱ्यांशी माझा काय संबंध?

माणसंही तसलीच. "तुम्ही नक्की काय वाचता?" असं विचारतात आणि "सापडेल ते" म्हटलं की चेहरा पाडतात. रेडिओवर लागेल ते गाणं ऐकणाऱ्याकडे कुणी असा हिशेब मागत नाही. पुस्तकाच्या बाबतीत मात्र माणसाची एक लाइन हवी! मला खरंच राग येतो याचा. असो.

चौथं मधमाश्यांवरचं. काकांनी चष्मा कपाळावर चढवून वाचलं. "माशी नाचून पत्ता सांगते?"

"हो. पोळ्यात अंधार असतो. उभ्या पोळ्यावर ती वरच्या दिशेशी जेवढा कोन करून नाचते, तेवढ्याच कोनात फुलं सूर्यापासून बाजूला असतात. जितका वेळ शेपूट हलवत सरळ जाईल तितकी फुलं लांब. कार्ल फॉन फ्रिश नावाच्या माणसाने हे शोधलं. १९७३ साली नोबेल मिळालं त्याला."

काकांनी माझ्याकडे पाहिलं. नापास झालेल्या मुलाने पेपर हरवल्याचं सांगितल्यावर बघतात तसं. "खोटी."

"अहो, आकडा बघा ना! ५९५. विज्ञान."

"आकड्याचं मला सांगू नका," काका म्हणाले. "आकडा काय, कुणीही चिकटवतो."

एवढा वेळ खिडकीबाहेर बघत बसलेल्या काउंटरवरच्या बाईंनी उजवीकडची तीन पुस्तकं ओढली, धडाधड शिक्के मारले आणि माझ्यापुढे सरकवली. "तीनच मिळतात," त्या म्हणाल्या. काकांच्या निवाड्यावर तेवढ्यात सरकारी शिक्काही बसला.

मी मधमाश्या ढकलगाडीवर ठेवायला हात पुढे केला, तर काकांनी ते पुस्तक स्वतःच्या कार्डाखाली सरकवलं. "बघतो तरी, किती खोटं लिहिलंय ते."

मंत्र्यांचं आत्मचरित्र मी चाळिसाव्या पानावर सोडलं. भुतं त्यामानाने प्रामाणिक निघाली. पंधरा दिवसांनी मधमाश्यांची चौकशी करायला फोन केला, तर बाई म्हणाल्या, त्या काकांनी मुदत वाढवून घेतलीय. दुसऱ्यांदा.