कार्टूनवर लिहिणारा प्राध्यापक आणि आमच्या भाचीचा फॉर्म

परवा रात्री वेंगुर्ल्याहून भावोजींचा फोन आला. भाचीने बीएला इंग्रजी साहित्य घ्यायचं ठरवलंय, आणि तिचे काका एक मेसेज पुढे करून तिला विचारतायत, "ह्यां शिकान काय करतलंस?" हा मेसेज मलाही तिघांनी पाठवला होता, मी न वाचता पुसला, ती माझी चूक. आता वाचला. त्याचं म्हणणं असं: अभिजात नाटक म्हणजे शुद्ध कला, त्यात राजकारण कधी नव्हतं, ते हल्लीच्या डाव्या प्राध्यापकांनी घुसवलं. शेक्सपिअर टाकून हे लोक कार्टून आणि टीव्ही मालिकांवर पुस्तकं लिहितात. मुळात शेक्सपिअरने शाकुंतल चोरलं. म्हणून मुलांना साहित्याला घालू नका.

चोरीचं एका वाक्यात संपवतो. विल्यम जोन्सने शाकुंतल इंग्रजीत आणलं १७८९ साली आणि शेक्सपिअर वारला १६१६ साली.

राजकारण नव्हतं? मृच्छकटिकात गुराख्याचा पोर आर्यक राजा पालकाची सत्ता उलथवतो. मुद्राराक्षसात तर चाणक्याच्या डावपेचांशिवाय दुसरं आहे काय? खाडिलकरांच्या कीचकात प्रेक्षकांना व्हाइसरॉय कर्झन दिसला आणि १९१० साली इंग्रजांनी कीचकवधावर बंदी घातली. ते राजकारण कुठल्या डाव्या प्राध्यापकाने घातलं होतं? लंडनमध्ये फेब्रुवारी १६०१ मध्ये अर्ल ऑफ एसेक्स या सरदाराच्या माणसांनी शेक्सपिअरच्या कंपनीला चाळीस शिलिंग जादा देऊन एक जुनं नाटक लावायला लावलं. बहुतेक अभ्यासकांच्या मते ते दुसऱ्या रिचर्डचं, राजाला गादीवरून उतरवण्याचं नाटक. दुसऱ्याच दिवशी एसेक्सने राणीविरुद्ध बंड केलं. ते फसलं, त्याचा शिरच्छेद झाला, आणि कंपनीतल्या एका नटाला जबानी द्यावी लागली. राजा मुकुट सोडतो तो प्रवेश राणी एलिझाबेथ जिवंत असेतो छापलाच गेला नव्हता.

आता तो 'कार्टूनवाला प्राध्यापक'. मेसेजमध्ये नाव नाही, पण हे वर्णन सगळ्यात नेमकं बसतं ते पॉल कॅन्टर यांना. अमेरिकेतल्या व्हर्जिनिया विद्यापीठात त्यांनी शिकवलं, २०२२ साली ते गेले. १९७६ साली त्यांचं पुस्तक आलं ते शेक्सपिअरच्या रोमन नाटकांवर: प्रजासत्ताकात माणसाला काय हवंसं वाटतं, साम्राज्यात काय, आणि राज्यव्यवस्था बदलली की माणसाची भूकच कशी बदलते. २००१ च्या पुस्तकात सिम्पसन्स हे कार्टून आणि स्टार ट्रेक ही टीव्ही मालिका आली, पण म्हणून शेक्सपिअर सुटला नाही. २०१७ साली ते पुन्हा त्याच रोमन नाटकांवर आले. ब्रेकिंग बॅड या टीव्ही मालिकेतल्या वॉल्टर व्हाइटला त्यांनी मॅकबेथच्या शेजारी बसवलं. आणि डावे? हा माणूस शाळकरी वयात न्यूयॉर्कला लुडविग फॉन मीझेसच्या चर्चासत्रात जाऊन बसायचा. मीझेस म्हणजे मुक्त बाजारपेठेचा कट्टर पुरस्कर्ता. पुढे मार्क्सवादी समीक्षेला उत्तर म्हणून कॅन्टर यांनी एक जाडजूड ग्रंथ सहसंपादित केला. मेसेज लिहिणाऱ्याने निदान एवढं तरी शोधायचं होतं.

एक गोष्ट मला मान्य करावी लागते. नाटक धड न वाचता त्यावर राजकीय शिक्का मारणारी समीक्षा आहे, आणि ती कंटाळवाणी आहे. पण तिच्याविरुद्ध सगळ्यात चिकाटीने लिहिणाऱ्यांत कॅन्टरच होते.

मला राग येतो तो टीव्ही आणि कार्टूनला नाक मुरडण्याचा. ग्लोब थिएटरात एक पेनी देऊन लोक उभ्याने नाटक बघत. ऑक्सफर्डच्या प्रसिद्ध ग्रंथालयाचा संस्थापक थॉमस बोडली याने १६१२ साली आपल्या ग्रंथपालाला बजावलं होतं की असली छापील नाटकं म्हणजे कचरा, ती आत घेऊ नकोस. शेक्सपिअर तेव्हा जिवंत होता! कॅन्टर यांचा मुद्दा हाच: तिकिटावर जगणारी, अनेक हातांनी घडणारी, प्रेक्षक बघून बदलणारी कलाही थोर होऊ शकते. हे कोकणातल्या माणसाने मला विचारावं? आपल्या दहीकाल्यात, म्हणजे दशावतारी नाटकात, संहिता नसते. आख्यान ठरतं, आणि बोलणं उभ्या-उभ्या रचलं जातं. समोरचा गाव दाद देतोय की पेंगतोय हे बघून नट प्रवेश लांबवतो किंवा आटोपतो. पौराणिक राजाच्या दरबारात गावच्या रस्त्याची तक्रार येते आणि मागच्या चटईवरचाही उठून बसतो.

भाची हे लहानपणापासून पेटीवाल्याच्या शेजारी बसून बघत आलीय. गेल्या जत्रेनंतर पहाटे तिने मला विचारलं होतं, "मामा, शेक्सपिअरचे नटपण असेच मधे वाढवत असतील काय रे?" मेसेज वाचून कोणालाही असा प्रश्न पडणार नाही.

नोकरीची काळजी खरी आहे, भावोजी, पण तिच्यावर या मेसेजात एक अक्षर नाही. ती आपण वेगळी बसून बोलू. मी शनिवारी येतो. तोवर तिचा फॉर्म बदलू नका.