हजेरी नसते पण सुटकाही नसते
एका लेखात म्हटलंय की ऑक्सफर्ड विद्यापीठात लेक्चरला हजेरी घेत नाहीत म्हणजे पोरांची चंगळच. अहो, ट्युटोरियलचं काय? माझी पुतणी तिथे इतिहास शिकते, टर्म जेमतेम ८ आठवड्यांची, जवळपास दर आठवड्याला एक निबंध आणि मग ट्युटोरियलला ट्युटरसमोर दोघं-तिघंच बसलेले, वाचलं नसेल तर मान खाली घालायचीही सोय नाही कारण पुढचा प्रश्न तुम्हालाच येणार. मी इथे ८० जणांच्या वर्गात शेवटच्या बाकावर तीन वर्षं झोपा काढल्या (हजेरी मात्र फुल!).

आणि तिथल्या बॉडलियन लायब्ररीतून पुस्तक घरी नेता येत नाही बरं का, १६४५ साली खुद्द राजा पहिल्या चार्ल्सलाही नाही म्हणाले होते, मग माझ्या पुतणीचं काय घेऊन बसलात, बसते तिथेच स्वेटर घालून बंद होईपर्यंत नोट्स काढत.