‘मेंदू काय रांजण आहे का भरायला?’

काहीच विसरू न शकणाऱ्या तलाठ्याच्या माझ्या विज्ञानकथेवरची तुमची प्रतिक्रिया दोनदा वाचली. पहिल्यांदा राग आला. दुसऱ्यांदा कथा उघडून बघितली, तर एका ठिकाणी तुमचंच बरोबर निघालं. ते आधी सांगून टाकतो. २०९० सालच्या माझ्या डॉक्टरबाई इस्पितळाच्या ‘स्मृतिभार’ विभागात आलेल्या तलाठ्याला म्हणतात, “तुमचा मेंदू ९८ टक्के भरलाय.” त्यावर तुम्ही विचारलंत, मेंदू काय रांजण आहे का भरायला? नाहीये. वाक्य काढलं.

पण मेंदूत अडीच पेटाबाइट (म्हणजे पंचवीस लाख गिगाबाइट) जागा आहे, सबब आठवणींचा भार ही कल्पनाच अशास्त्रीय, हे तुमचं म्हणणं पटत नाही. तो आकडा म्हणजे मानसशास्त्राचे प्राध्यापक पॉल रेबर यांनी २०१० साली दिलेला ढोबळ अंदाज. दहापट कमीजास्त निघाला तरी माझं अडत नाही, कारण अडचण जागेची नाहीच. मी रोज मंडईपाशी स्कूटर लावतो. भाजी घेऊन आलो की आठवतं काय? कालची जागा, परवाची जागा आणि आजची, तिन्ही तितक्याच ठळक. आजची जागा डोक्यात आहेच की! कालची पुसट झालेली नाही, म्हणून घोळ. विसरणं बंद करणारी चकती बसवून घेतलेल्या तलाठ्याचं हेच होतं, फक्त स्कूटरऐवजी सातबारे, बायकोचा चेहरा आणि भांडणं.

“सगळं आठवणं हे तर वरदान” असंही तुम्ही लिहिलंत. सोलोमन शेरेशेव्स्कीला विचारायला हवं होतं. मॉस्कोचा हा बातमीदार बैठकीत काहीच टिपून घेत नाही, हे संपादकाच्या लक्षात आलं आणि त्याला मानसशास्त्रज्ञाकडे धाडलं. अलेक्सांद्र लुरियांनी पुढे त्याला जवळजवळ तीस वर्षं तपासलं. आकड्यांचे तक्ते तो पंधरा वर्षांनीही बिनचूक म्हणून दाखवी. नंतर तो स्मरणशक्तीचे प्रयोग रंगमंचावर करू लागला. एका संध्याकाळी अनेक खेळ, त्यामुळे आधीच्या खेळातले आकडे पुढच्यात घुसतील ही धास्ती. विसरायचं ते कागदावर लिहून त्याने जाळूनही पाहिलं, तर जळक्या कागदावर तेच आकडे दिसायला लागले. लोकांचे चेहरे त्याच्या लक्षात राहत नसत, कारण ते सारखे बदलतात, असं तो म्हणे. तलाठी बायकोला ओळखत नाही तो प्रसंग तुम्हाला ‘फिल्मी’ वाटला. तो मी इथून उचललाय.

आता ‘अतिभार झाला तर फार तर नवीन गोष्ट शिरणार नाही, जुनी का बिघडेल?’ हा तुमचा मुद्दा. हा चांगला आहे, आणि कथा मला इथेच सुचली. जॉन हॉपफील्ड यांनी (२०२४ चं भौतिकशास्त्राचं नोबेल ज्यांना विभागून मिळालं तेच) १९८२ साली चेतापेशींच्या जाळ्याचं एक गणिती प्रारूप मांडलं. त्यात हजार पेशी असतील, तर आठवणींचे साधारण १३८ ठसे नीट राहतात. त्यापुढे कोंबत गेलात तर नवा ठसा तर बसत नाहीच, जुनेही सगळे एकमेकांत कालवले जातात. खरा मेंदू इतका साधा नाही, हे तुम्ही म्हणायच्या आत मीच म्हणतो. कथेला मात्र तेवढं पुरलं.

कथेतल्या, झोपेत आठवणींचा भार उतरवण्याच्या उपचाराला तुम्ही ‘बुवाबाजी’ म्हटलंत. मग त्या बुवांमध्ये फ्रान्सिस क्रिकही आले. डीएनएची रचना उलगडणारे हे गृहस्थ १९८३ साली ग्रेम मिचिसनबरोबर म्हणाले, की आपण स्वप्नं पाहतो ती विसरण्यासाठी. ते सिद्ध झालेलं नाही. मात्र २०१७ साली झोपेचे अभ्यासक तोनोनी आणि चिरेल्ली यांच्या चमूने उंदरांच्या मेंदूतले चेतापेशींमधले सांधे मोजले, तेव्हा झोपेनंतर ते सरासरी सुमारे १८ टक्के आक्रसलेले आढळले. नेमकी हवी ती आठवण निवडून पुसायची, हे मात्र निव्वळ माझ्या पदरचं. विज्ञानकथेत एवढी उधारी चालते.

राहता राहिला शेवट. भांडणं पुसून देतो असं डॉक्टरबाई सांगत असताना तलाठी नको का म्हणतो, ते ‘अनाकलनीय’ वाटलं तुम्हाला. शेवटच्या चित्राच्या खाली अजून चार ओळी आहेत. बायको एरवी फार हळू बोलायची. तिचा आवाज त्याच्याकडे स्पष्ट असा फक्त त्या भांडणांतच उरलाय.