हातात नुसती काठी आणि चार मिनिटे

अमेरिकी विनोदवीर जोनाथन विंटर्स यांचा विषय निघाला की ‘एवढा अफाट माणूस, पण एकट्याच्या जोरावर चाललेला चित्रपट एकही नाही’ अशी हळहळ व्यक्त करणारे कोणीतरी भेटतेच. मला ती पटत नाही. आपल्या बतावणीतल्या सोंगाड्याला ‘तुझ्या नावावर नाटक कुठले’ असे कोणी विचारत नाही, मग जिथे संहिता संपते तिथून ज्यांचे काम सुरू होत असे, त्या विंटर्स यांना हा प्रश्न का विचारावा?

१९६४ साली जॅक पार यांनी आपल्या दूरचित्रवाणी कार्यक्रमात त्यांच्या हाती एक साधी काठी दिली. पुढची सुमारे चार मिनिटे तिचा कधी मासे धरण्याचा गळ झाला, कधी होडीचे वल्हे, तर कधी बैलाशी झुंजणाऱ्या मॅटाडोरची तलवार, आणि काठीबरोबर दर वेळी ती धरणारा माणूसही बदलत गेला. खरी मेख इथेच आहे. एका वस्तूची दुसरी वस्तू करून दाखवणे पुष्कळांना साधते; विंटर्स मात्र आधी माणूस उभा करत, त्याचा आवाज, खांद्यांची ठेवण आणि त्याचा फुकाचा ताठा यांसह, आणि हसू त्या माणसाच्या स्वभावातून येई. त्यांनी रंगवलेली तिखट जिभेची म्हातारी मॉड फ्रिकर्ट अशीच घडली. (पुढे दूरचित्रवाणीचे सूत्रसंचालक जॉनी कार्सन यांनी रंगवलेली आंट ब्लॅबी ही म्हातारी तिचीच धाकटी बहीण शोभावी.)

ही माणसे त्यांना लहानपणीच भेटली होती. १९२५ साली ओहायोतील डेटन येथे जन्मलेले विंटर्स सात वर्षांचे असताना आईवडील विभक्त झाले आणि हा एकुलता एक मुलगा खोलीत स्वतःशीच निरनिराळ्या आवाजांत बोलू लागला. पुढे मनगटी घड्याळ हरवले, नवे घेण्याची ऐपत नव्हती, म्हणून पत्नी आयलीन यांच्या सांगण्यावरून त्यांनी घड्याळ हेच बक्षीस असलेल्या एका स्पर्धेत भाग घेतला, ती जिंकली आणि त्यातून रेडिओची नोकरी लागली.

१९५९ आणि १९६१ साली त्यांना मनोविकारावरील उपचारांसाठी रुग्णालयात राहावे लागले. प्रतिभेचे नाते वेडाशी जोडण्याची आपल्याला भारी हौस असते. पण त्या आजाराने त्यांना काही दिले नाही, उलट नाइटक्लबचा रंगमंच तेवढा हिरावून घेतला.

१९९९ साली त्यांना विनोदासाठी दिला जाणारा मार्क ट्वेन पुरस्कार मिळाला, तो योग्यच. तरी मला १९८१ मधील ‘मॉर्क अँड मिंडी’ ही दूरचित्रवाणी मालिका अधिक मोलाची वाटते. तिथे पन्नाशी ओलांडलेले विंटर्स, परग्रहवासी मॉर्कची भूमिका करणारे विनोदी अभिनेते रॉबिन विल्यम्स यांचे अंड्यातून नुकतेच बाहेर पडलेले बाळ झाले होते, आणि त्यांना उघडपणे गुरू मानणारे विल्यम्स, ज्यांना एरवी गप्प करणे कठीण, या बाळापुढे अधूनमधून चक्क प्रेक्षक होऊन बसलेले वाटतात.