मी पक्षकार नाही, तरी माझं बोलणं कोर्टात

आज सकाळी तळजाईवर आमच्या चालण्याच्या ग्रुपमधल्या एका काकांनी डोकं फिरवलं. त्यांच्या मुलाचं आणि सुनेचं बिनसलंय, हे सगळ्यांना माहीत आहे. तर काका म्हणे, "आता सुप्रीम कोर्टानंच सांगितलंय. बायकोचे फोन रेकॉर्ड करायचे आणि पेनड्राइव्ह जजसमोर ठेवायचा. विषय संपला." बाकीचे माना डोलावत होते! मी तिथे गप्प बसले, नाहीतर उद्यापासून एकटीनंच टेकडी चढावी लागली असती. म्हणून इथे लिहितेय.

काका, तो निकाल 14 जुलै 2025 चा. त्यातल्या नवऱ्यानं रेकॉर्ड केलं होतं ते स्वतःचं आणि बायकोचं बोलणं. दोघांतलं. जुन्या पुरावा कायद्याच्या कलम 122 नुसार नवराबायकोतलं बोलणं उघड करता येत नाही, पण दोघांचाच एकमेकांवर दावा असेल तर ती आडकाठी नाही. कोर्टानं त्यावर बोट ठेवलं आणि पंजाब-हरियाणा हायकोर्टाचा निकाल फिरवला. बायको तिच्या आईशी काय बोलते, बहिणीशी काय बोलते, हा त्या खटल्याचा विषयच नव्हता.

मला हे का झोंबतं ते जवळच्यांना ठाऊक आहे. भाचीची केस शिवाजीनगरच्या फॅमिली कोर्टात चालू आहे. फोन नवऱ्यानंच घेऊन दिलेला, "तुला काय कळतंय त्यातलं" म्हणत सेटिंगही त्यानंच केलेलं. सगळे कॉल आपोआप रेकॉर्ड व्हायचे आणि फाइली याच्या खात्यावर जमा. मग एका तारखेला त्याच्या वकिलांनी कागद दाखल केले, आणि त्यात मी! टाइप केलेला तक्ता. तारीख, वेळ, कोण बोललं, काय बोललं. "मावशी: (हसते) असल्या नवऱ्याला मी केव्हाच वरवंट्याखाली घातला असता." त्याच्याच खाली मी तिला सांगितलेली अळूच्या फदफद्याची कृती, चिंचेच्या कोळासकट. आणि अर्जात काय लिहिलंय? "माहेरच्यांची चिथावणी."

फदफद्यानं कोणाला चिथावलं हो?

नव्या भारतीय साक्ष अधिनियमात अशा फाइलीला कलम 63 चं सर्टिफिकेट लागतं. (वकील अजून सवयीनं जुन्या कायद्यातलं पासष्ट-बीच म्हणतात.) त्यात हॅश व्हॅल्यू (फाइलीचा बोटांच्या ठशासारखा आकडा) लिहायची, आणि यंत्र कायदेशीर ताब्यात होतं असंही लिहून द्यायचं. जावईबापूंनी दिलं लिहून. म्हणे, फोन माझ्या पैशाचा! म्हणजे पैसे फोनचे दिलेत की बायकोच्या मावशीचे?

ठीक आहे, एक मान्य करते. चार भिंतींच्या आत मार खाणाऱ्या बाईला साक्षीदार कुठून मिळणार? तिनं नवऱ्याच्या धमक्या रेकॉर्ड केल्या तर पेनड्राइव्ह मी आणून देईन. पोटगीची वेळ आली की पगार लपवणारेही कमी नाहीत. पण ते दोघांतलं झालं. माझ्या हसण्यात कसला आलाय पुरावा?

2017 मध्ये सुप्रीम कोर्टाच्या नऊ न्यायाधीशांनी सांगितलं की खासगीपणा हा मूलभूत हक्क आहे. मद्रास हायकोर्टानं 2024 मध्ये बायकोच्या कॉलच्या नोंदी चोरून मिळवणाऱ्या नवऱ्याला चांगलं सुनावलं आणि तो पुरावाच नाकारला. वाचून बरं वाटलं होतं. पण फॅमिली कोर्ट कायद्याचं कलम 14 आहेच: वादाचा निकाल लावायला मदत होईल असं कोर्टाला वाटलं तर एरवी न चालणारा पुरावाही घेता येतो. 1984 चा कायदा. तेव्हा फोन वाण्याकडे असायचा, आणि तिथे उभं राहून कोणी नवऱ्याची उणीदुणी काढत नसे.

आणि सीडीआर? कोणी कोणाला कधी, किती वेळ फोन केला, हे कंपन्यांनी निदान दोन वर्षं जपून ठेवायचं असतं. ते मागायचा अधिकार पोलिसांना आणि कोर्टाला. तरी 2018 मध्ये ठाणे पोलिसांनी सीडीआर बेकायदा विकल्याच्या प्रकरणात खासगी गुप्तहेर पकडलेच होते ना? गिऱ्हाईक होतं म्हणूनच दुकान होतं.

लिहिता लिहिता राग जरा उतरला, खरं सांगते. त्या मुलाचाही विचार येतो. ते सगळे कॉल त्यानं बसून ऐकले असणार. रात्री, कानात इयरफोन घालून, बायको मावशीशी हसतेय ते. सुप्रीम कोर्टानंही त्या जुलैच्या निकालात म्हटलंय की एकमेकांवर पाळत ठेवायची वेळ आली म्हणजे नातं आधीच मोडलेलं असतं. आमच्याकडे दिवाळसणाला आला होता तेव्हा पोरगा बरा वाटला होता.

पण भाची आता आईशीसुद्धा फोनवर धड बोलत नाही. सिंहगड रोडवरून कोथरूडला येते, बोलते, जाते. हे आठवलं की पुन्हा टाळकं सटकतं. तिचा घटस्फोट होईल तेव्हा होईल, आमचं फोनवर बोलणं आताच बंद पडलंय.

यादीत वकील बरेच आहेत, त्यांना विचारते. माझं संभाषण तिथे लागलंय, तर ते काढून टाका असा अर्ज मला स्वतःला करता येतो का? भाचीच्या वकीलबाई म्हणाल्या, "तुम्ही पक्षकार नाही, मावशी." हे उत्तर सोडून दुसरं असेल तर लिहा. फोन करू नका.