बोट बर्फात, शर्ट प्लास्टिकमध्ये: निपाणीच्या वाचकाला उत्तर

नमस्कार. निपाणीहून आलेली तुमची प्रतिक्रिया चांगलीच तिखट आहे. तुमचं म्हणणं असं, की तुटलेली बोटं जोडणं आणि गुन्ह्याच्या तपासातला डीएनए यांची मी एकाच लेखात खिचडी केली. त्या शस्त्रक्रिया पुण्या-मुंबईच्या पैसेवाल्यांसाठी, आमच्याकडे बोट तुटलं तर जायचं कुठे? आणि डीएनए जुळला की विषय संपला, त्यावर शंका काढणारा आरोपीची वकिली करतो.

पैसेवाल्यांचं आधी घेऊ. कडबाकुट्टीत हात कुणाचा जातो हो? बंगल्यातल्याचा? चिकोडी-अथणीकडे वैरण कापायचं मशीन गोठ्यागोठ्यात आहे, गुऱ्हाळाचा चरक आहे. त्यातही कडबाकुट्टीचं पातं सरळ कापतं, चरक चिरडतो. चिरडलेलं बोट जोडणं फार अवघड. 1965 साली जपानमध्ये नारा इथे कोमात्सु आणि तामाई या डॉक्टरांनी पूर्ण तुटलेला अंगठा पुन्हा जोडला. जेमतेम मिलिमीटरभर रुंदीच्या रक्तवाहिन्या सूक्ष्मदर्शकाखाली, केसाहून बारीक धाग्याने शिवायच्या. आज त्यासाठी कुणाला जपान गाठावं लागत नाही.

अडतं ते दवाखान्याच्या दारापर्यंत. घाबरलेली माणसं बोट थेट बर्फात टाकतात, नाहीतर पाण्याच्या तांब्यात. थेट बर्फाने पेशी गोठून मरतात. बोट स्वच्छ ओलसर कापडात गुंडाळायचं, सलाइन मिळालं तर उत्तम. मग प्लास्टिकच्या पिशवीत घालून तोंड घट्ट बांधायचं आणि ती पिशवी बर्फ घातलेल्या पाण्यात ठेवायची. जखमेवर स्वच्छ कापड दाबून हात वर धरायचा. असं गार ठेवलेलं बोट साधारण 24 तासांपर्यंत जोडता येऊ शकतं, कारण बोटात स्नायू नसतात. मनगटाच्या वर तुटलं, की गार न ठेवता 6 तासही जास्तच.

आता खिचडी. गुन्ह्याचा पुरावा असलेला रक्ताने भिजलेला शर्ट नेमका उलटा सांभाळायचा असतो: सावलीत वाळवून, कागदी पाकिटात. प्लास्टिकमध्ये ओल कोंडते आणि जिवाणू-बुरशी डीएनएची वाट लावतात. पुढे प्रयोगशाळेत डीएनएच्या वीसेक जागांवर तोच तुकडा किती वेळा येतो हे मोजणारं कितीही भारी यंत्र असो, त्याला मोजायला काही उरलेलं हवं ना. दोन्हीकडे तंत्र पुढे गेलंय आणि घात होतो तो पहिल्या तासाभरात, पहिल्या हातांकडून. म्हणून लेख एक.

जुळला की विषय संपला, हे मात्र मला मान्य नाही. जर्मनीत एकाच अज्ञात बाईचा डीएनए कितीतरी गुन्ह्यांच्या ठिकाणी सापडत होता. खून, घरफोड्या, सगळीकडे तीच! पोलीस वर्षानुवर्षं तिच्या मागावर. 2009 मध्ये उलगडा झाला, की तो डीएनए नमुना घ्यायच्या कापसाच्या काड्या हाताळणाऱ्या कामगार बाईचा होता. काड्या निर्जंतुक होत्या, पण निर्जंतुक केल्याने डीएनए जात नाही. जुळणी बिनचूक होती, तरी गुन्हेगार हाती नव्हता. पेशी कुणाच्या हे डीएनए सांगतो. तिथे कधी आणि कशा आल्या, ते नाही.

आणि वकिलीच म्हणाल तर, 2022 मध्ये दिल्लीच्या एका बलात्कार-खून खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने फाशी झालेल्या तिघांना सोडलं. नमुने बरेच दिवस ठाण्याच्या मालखान्यात, म्हणजे जप्त माल ठेवायच्या खोलीत, पडून होते, त्यामुळे डीएनए अहवालावर न्यायालयाचा भरवसा बसला नाही. ते तिघे दोषी असतील तर ढिसाळपणाने सुटले, निर्दोष असतील तर त्यांनी उगाच फाशीची टांगती तलवार सोसली. जुलै 2025 मध्ये न्यायालयाने नमुना 48 तासांत प्रयोगशाळेत पोचलाच पाहिजे असा दंडक घातला, तो काय आरोपीच्या सोयीसाठी?

आपल्या भागात यात आणखी एक गोम आहे. पंचनामा कानडीत, पंच मराठी. कागदावर काय लिहिलंय हे न कळताच सही ठोकली जाते आणि उलटतपासणीत तोच पंच गडबडतो. वाचून दाखवा म्हणायला लाजू नका. पाकीट कागदी आहे का, तुमच्यासमोर सील झालं का, हे बघा, मगच सही करा.

राहिला जायचं कुठे हा प्रश्न. निपाणीहून बेळगावपेक्षा कोल्हापूर जवळ. इथे तरी सीमाप्रश्न आड येऊ देऊ नका. गाडी मिळेपर्यंत फोन लावून एवढंच विचारा, मायक्रोसर्जरी, म्हणजे सूक्ष्मदर्शकाखालची शस्त्रक्रिया, करणारे डॉक्टर आत्ता हजर आहेत का. नसतील तर तिथे केसपेपर काढत बसू नका, दुसरीकडे फोन लावा.